एकाकीपण आणि एकांत : दोन उद्यानांच्या साक्षीने

गेल्या वर्षावासातील एका चर्चेत एका तरुण उपासकाने आम्हांस प्रश्न केला. तथागतांनी एकांताची एवढी प्रशंसा केली आहे. मग आपण या शहरात चार वर्षे एकटे राहतो, त्याचे आपणांस एवढे ओझे का व्हावे, असे त्याचे विचारणे होते. हा तरुण मराठवाड्यातून नोकरीसाठी आलेला. खोली शोधताना आडनाव विचारले गेले, तेव्हापासून त्याने शेजाऱ्यांशी बोलणे बेताचेच ठेवले होते. आम्ही त्या वेळी पालीतील दोन-चार वचने सांगून वेळ निभावून नेली. उत्तर पुरेसे झाले नाही, हे आम्हांस घरी परतताना जाणवले. प्रस्तुत लेख म्हणजे त्या अपुऱ्या उत्तराची उशिरा केलेली भरपाई होय.

एकाकीपण ही आधुनिक शहराची देणगी आहे, असे सर्रास म्हटले जाते. गावात माणूस माणसाला ओळखतो, शहरात कोणी कोणास ओळखत नाही, असा त्याचा आशय. हे विधान करणारे बहुधा गावाच्या वेशीच्या आतले असतात. वेशीबाहेरच्या वस्तीतील माणसाला गाव ओळखत होता, यात शंका नाही. परंतु ती ओळख माणसाची नसून जातीची होती. त्यास एकटेपण नव्हते, तसा एकांतही नव्हता. पार, चावडी, देऊळ, पाणवठा, बसण्याउठण्याची प्रत्येक जागा कोणाची ना कोणाची तरी होती. कोणी हटकणार नाही अशा ठिकाणी घटकाभर स्वस्थ बसून विचार करावा, ही साधी गोष्ट गावाने आपल्या पूर्वजांस कधी उपलब्ध करून दिली नाही. म्हणून आधुनिक शहरातील अंतर्जीवनाचा इतिहास लिहावयाचा तर आपल्या समाजापुरता तो निराळ्या ठिकाणापासून सुरू केला पाहिजे. आमच्या मते ते ठिकाण म्हणजे सार्वजनिक बागेतील बाक होय.

मुंबईत पहिली कापड गिरणी स्थापन झाली १८५४ साली. त्यानंतरच्या अर्धशतकात कोकणातून व घाटावरून माणसे या शहरात येत राहिली. त्यांत पुरुषच अधिक. १९२१ च्या खानेसुमारीत मुंबईत हजार पुरुषांमागे स्त्रिया सुमारे सव्वापाचशे होत्या. म्हणजे बायकामुले गावी ठेवून खाणावळीत जेवणाऱ्या आणि एका खोलीत दाटीने निजणाऱ्या पुरुषांचे हे शहर होते. गिरणीतही जात होतीच. धोट्यात नवी कांडी भरताना सुताचे टोक तोंडाने ओढावे लागे, या सबबीवर अधिक पगाराचे विणकाम खाते अस्पृश्यांस बंद होते. तरीही रस्ता, ट्राम आणि बाग यांनी कोणाची जात विचारली नाही. हा लाभ लहान नव्हे.

या शहरात विसाव्या शतकाच्या आरंभी सुभेदार रामजी सकपाळ यांचे कुटुंब परळ भागातील डबक चाळीत एका खोलीत राहावयास आले. चरित्रकार धनंजय कीर यांनी त्या खोलीचे वर्णन केले आहे. डोक्याशी जाते, पायाशी शेळी आणि मिणमिणता दिवा अशा जागेत धाकटा भीमराव अभ्यास करी. दोघांना एकदम पसरता येईल एवढीही जागा नसल्यामुळे सुभेदार मुलास लवकर निजवीत, आपण पहाटे दोनपर्यंत जागत, मग त्यास उठवून त्याच्या जागी आडवे होत. पितापुत्रांनी एकच अंथरूण पाळीपाळीने वापरून मिळविलेला तो एकांत होता. शाळेत जावे तर तेथे फळ्यामागे ठेवलेले सवर्ण मुलांचे डबे. हा मुलगा फळ्याकडे निघताच ते डबे बाजूला करण्यासाठी वर्गात धावपळ उडे, हा प्रसंग वाचकांस ठाऊक आहे.

घर आणि शाळा यांच्यामध्ये त्यास तिसरी जागा सापडली, ती चर्नी रोडची बाग. शाळा सुटल्यावर तो तेथे वाचीत बसे. याच बागेत शिवाजी महाराजांचे व तुकारामांचे चरित्र लिहिणारे कृष्णराव अर्जुन केळूसकर येत असत. हा मुलगा रोज एकटाच वाचीत बसतो, हे त्यांनी पाहिले आणि एके दिवशी त्याची चौकशी केली. त्याने आपली जात सांगितली. गुरुजी उठून गेले नाहीत. उलट, काय वाचावे याविषयी ते त्यास मार्गदर्शन करू लागले, पुस्तके देऊ लागले.

पुढील हकीकत आपल्या समाजात पाठ आहे. मुलाच्या यशाबद्दल सत्काराची सभा भरली आणि केळूसकर गुरुजींनी आपण लिहिलेले बुद्धचरित्र त्यास भेट दिले. कीरांच्या मते हा प्रसंग १९०७ च्या मॅट्रिक परीक्षेनंतरचा. बाबासाहेबांनी स्वतः मात्र १९५६ साली लिहिलेल्या प्रस्तावनेत तो इंग्रजी चौथी उत्तीर्ण झाल्यानंतरचा म्हणून सांगितला आहे. अभ्यासकांनी ही विसंगती नोंदवून ठेवावी. आमच्या विषयास तिने बाध येत नाही. मुलाच्या डोक्यात वारे शिरेल म्हणून सुभेदारांचा सभेस विरोध होता आणि त्यांची समजूत घालण्यास केळूसकरच आले, हेही त्या प्रस्तावनेतून समजते. बागेतल्या ओळखीने चाळीच्या खोलीत प्रवेश केला होता. आणखी एक गोष्ट तेथे जाताजाता येते. ते बुद्धचरित्र केळूसकरांनी बडोद्याच्या सयाजीराव महाराजांच्या ग्रंथमालेसाठी लिहिले होते.

बडोद्याचे हे नाव येथे आले आहे ते ध्यानात ठेवून आपण दुसऱ्या उद्यानाकडे वळू.

१९१७ मध्ये बाबासाहेब कोलंबिया विद्यापीठातील शिक्षणानंतर लंडन येथील शिक्षण अर्धवट सोडून परतले. शिष्यवृत्तीच्या करारानुसार त्यांस बडोदे संस्थानची नोकरी करणे भाग होते. परदेशात ते एकटे राहिले नव्हते काय? राहिले होते. न्यूयॉर्कमध्ये नवल भथेना या पारशी सहाध्यायाशी जडलेला स्नेह जन्मभर टिकला, हे खरे. पण त्या महानगरात, आणि नंतर लंडनमध्ये, त्यांचा बहुतेक काळ ग्रंथालयात, अनोळखी माणसांमध्ये, स्वतःशीच गेला. त्या एकटेपणाची तक्रार त्यांनी कोठे केल्याचे आमच्या पाहण्यात नाही. उलट, परदेशातील वास्तव्याने आपण अस्पृश्य आहोत ही जाणीवच मनातून पुसली गेली होती, असे त्यांनी पुढे लिहिले. बडोद्याच्या स्टेशनावर उतरताच, आता राहावयाचे कोठे, या प्रश्नाने ती परत आणली.

हिंदूंच्या खाणावळीत जागा मिळणार नव्हती. म्हणून ते पारशी धर्मशाळेत गेले. ही हकीकत त्यांनी 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या नावाने प्रसिद्ध असलेल्या आत्मकथनपर टिपणांत सांगितली आहे. तिचा उल्लेख आपल्याकडे बहुधा पारशांच्या लाठ्यांपुरता होतो. आमची विनंती अशी की, लाठ्या घेतलेले लोक येण्यापूर्वीचे दिवस वाचकांनी एकदा सावकाश वाचावेत. शहरातील एकाकीपणाविषयी भारतीय भाषांत वा इंग्रजीत एवढे थोडक्यात आणि एवढे खरे लेखन आम्हांस फारसे आढळलेले नाही.

धर्मशाळेत दुसरा कोणीही उतारू नव्हता. राखणदारास त्यांचा धर्म कळला तेव्हा त्याने आधी नकार दिला. पण उतारू मिळाला तर चार पैसे सुटतील म्हणून, नोंदवहीत पारशी नाव लिहावे, असा मार्ग निघाला. दिवसाचे भाडे दीड रुपया. वरच्या मजल्यावर एक लहान खोली आणि तिच्या लगत मोडक्या सामानाने भरलेले मोठे दालन. तेथे विजेचा दिवा नव्हता, तेलाचाही नव्हता. राखणदार संध्याकाळी एक लहान कंदील आणून देई. त्याचा उजेड काही बोटांपलीकडे पोचत नसे. दिवस कचेरीत जाई. रात्र मात्र त्या अंधारात काढावी लागे. कोणीतरी बोलावयास असावे, अशी तीव्र इच्छा होई. माणूस नव्हते, म्हणून त्यांनी पुस्तकांची संगत धरली आणि ते वाचीत राहिले. वाचनात एकटेपणाचा विसर पडे. एवढ्यात दालनातील वटवाघळे चिरकत उडत आणि जे विसरावयाचे तेच पुन्हा अंगावर काटा आणून समोर उभे करीत. मुंबईहून उरलेले सामान घेऊन बहिणीचा मुलगा आला, तो मामाची ही अवस्था पाहून मोठ्याने रडू लागला. त्यास लगेच परत पाठवावे लागले.

येथे थोडे थांबले पाहिजे. एकटे असणे आणि वाचणे, दोन्ही गोष्टी चर्नी रोडच्या बागेतही होत्या. माणूस तोच, पुस्तकांचा नाद तोच. तरी एका ठिकाणी मन उमलते आणि दुसऱ्या ठिकाणी ते कोंडले जाते. कारण बागेतील मुलगा स्वतःच्या नावाने बसला होता. धर्मशाळेतील तरुण दुसऱ्याच्या नावाने राहत होता. ज्यास आपले नाव लपवून राहावे लागते, त्याच्या एकटेपणाला आत जाण्याची वाट उरत नाही. त्याचे सारे लक्ष जिन्यावरच्या पावलांकडे लागलेले असते.

अकराव्या दिवशी सकाळी ती पावले वाजली. ग्रंथालयातून आणलेली पुस्तके परत करण्यासाठी बाबासाहेब ती उचलीत होते, तोच डझनभर पारशी लाठ्या घेऊन वर आले. जागा संध्याकाळपर्यंत सोडण्याचे वचन देणे भाग पडले. दोन मित्रांकडे विचारणा झाली, एक हिंदू आणि एक ख्रिस्ती. पहिला म्हणाला, तुम्ही आलात तर नोकर निघून जातील; दुसऱ्याने घरच्यांचे मत विचारावे लागेल असे सांगितले, यातला अर्थ कळण्यासारखा होता. मुंबईची गाडी रात्री नऊ वाजता होती. मधले काही तास त्यांनी कामाठी बागेत काढले. शहर आणि कँप यांच्या सीमेवरची ती सार्वजनिक बाग. तेथे ते काहीसे शून्य मनाने, काहीसे दुःखाने बसून राहिले. आणि संकटात सापडलेल्या मुलासारखी त्यांना आईवडिलांची आठवण आली, असे ते लिहितात. आई बालपणीच गेली होती. वडील वारले ते २ फेब्रुवारी १९१३ रोजी. त्या आजारपणाची तारही बडोद्याच्या पहिल्या नोकरीत असतानाच आली होती.

रात्री आठ वाजता ते गाडी करून धर्मशाळेत परतले आणि त्यांनी सामान खाली आणले. राखणदार बाहेर आला. दोघांच्याही तोंडून शब्द निघाला नाही. त्यांनी बिल चुकते केले, त्याने ते मुकाट्याने घेतले. या माणसाचे नाव टिपणात नाही. आपल्यामुळे याच्यावर संकट ओढवले, असे त्यास वाटत असावे, असे बाबासाहेबांनी त्याच्याविषयी लिहिले आहे, आणि त्यात राग नाही. दररोज संध्याकाळी कंदील व जेवण घेऊन येणारा तेवढा एकच मनुष्य त्या अकरा दिवसांत होता.

आज कामाठी बागेतील त्या स्थळास 'संकल्पभूमी' म्हणतात आणि २३ सप्टेंबरला तेथे मोठा जनसमुदाय जमतो. हे योग्यच आहे. मात्र संकल्पाच्या तेजात ती संध्याकाळ झाकली जाऊ नये, असे आम्हांस वाटते. बाकावर बसलेला सव्वीस वर्षांचा माणूस त्या वेळी रडवेला झालेला होता, हे सांगितल्याने बोधिसत्त्वाची प्रतिष्ठा उणावत नाही. शहरात खोली न मिळालेल्या आजच्या तरुणास मात्र त्याचा फार उपयोग होतो.

आता त्या उपासकाच्या प्रश्नाकडे येऊ. संयुत्तनिकायात थेर नावाच्या एका भिक्खूची कथा आहे. तो एकटाच भिक्षेस जाई, एकटाच बसे, आणि एकविहाराचे गुणगान करी. तथागतांनी त्यास बोलावून सांगितले की, असाही एकविहार असतो. पण याहून परिपूर्ण एकविहार म्हणजे जे गेले त्याचा त्याग, जे आले नाही त्याचा त्याग आणि वर्तमानातील आसक्तीचे निवारण. मिगजाल सुत्तात हाच विचार वेगळ्या अंगाने येतो. तृष्णा हीच माणसाची सोबतीण. ती बरोबर असेल तर अरण्यात राहणाराही 'सदुतियविहारी', दुकटा. ती सुटली असेल तर भिक्खू, उपासक, राजे आणि मंत्री यांच्या गर्दीत राहणाराही एकविहारी. म्हणजे एकांत हा जागेचा गुण नाही. यावरून काही प्रवचनकार असा निष्कर्ष काढतात की, एकाकी माणसाने बाहेरची तक्रार सोडावी आणि डोळे मिटून बसावे. आम्हीही त्या दिवशी जवळजवळ हेच सांगितले होते. हा निष्कर्ष चुकीचा आहे.

तो कसा चुकीचा, हे मेघिय सुत्तावरून दिसते. किमिकाळा नदीच्या काठी मेघिय भिक्खूने एक रमणीय आम्रवन पाहिले आणि तेथे एकट्याने ध्यान करण्याची अनुज्ञा मागितली. आपण एकटेच आहोत, दुसरा भिक्खू येईतो थांब, असे तथागतांनी सांगितले. त्याने पुन्हा पुन्हा आग्रह धरला आणि तो गेला. आम्रवनात त्याचे चित्त काम, व्यापाद आणि विहिंसा यांच्या वितर्कांनी भरून गेले. परत आल्यावर तथागतांनी अपक्व चित्त पक्व होण्यासाठी ज्या पाच गोष्टी सांगितल्या, त्यांत पहिली कल्याणमित्रता. शील, धम्मकथा, वीर्य आणि प्रज्ञा यांचा क्रम तिच्यानंतर लागतो. ज्याला कोणी मित्र नाही, त्याला एकांत पेलत नाही. चर्नी रोडच्या बागेत केळूसकर होते. बडोद्याच्या धर्मशाळेत वटवाघळे होती.

विहाराची मूळ कल्पनाही येथे तपासून पाहण्यासारखी आहे. बिंबिसार राजाने वेळुवनाचे दान दिले, तेव्हा त्याने जागेविषयी केलेला विचार विनयपिटकात नोंदलेला आहे. नगरापासून फार दूर नाही, फार जवळ नाही, येणाऱ्या-जाणाऱ्यांस सोयीची, दिवसा गर्दी नाही, रात्री गलबला नाही, लोकांपासून अलग राहून मनन करता येईल अशी. पालीत अशा जागेस 'आराम' म्हणतात, आणि आराम या शब्दाचा अर्थच बाग. राजगृह, श्रावस्ती, वैशाली या त्या काळच्या वाढत्या नगरांच्या कडेला संघ राहिला, तो अशा बागांत. व्यापार, राजसत्ता आणि अनोळखी गर्दी यांनी भरलेल्या नगरातील माणूस संध्याकाळी चालत जाऊन परत येऊ शकेल एवढ्या अंतरावर. बौद्ध अंतर्जीवनाची जडणघडण नगराकडे पाठ फिरवून झालेली नाही.

बडोद्यानंतरचे बाबासाहेबांचे मुंबईतील जीवनही या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. परळच्या पोयबावाडीतील इम्प्रूव्हमेंट ट्रस्टच्या चाळीत पन्नास आणि एक्कावन्न क्रमांकाच्या दोन खोल्यांत ते १९३४ पर्यंत राहिले. सिडनहॅम कॉलेजचे प्राध्यापक झाले तरी चाळ सुटली नाही, लंडनहून बॅरिस्टर होऊन आले तरी सुटली नाही. एका खोलीत कुटुंब, दुसरीत पुस्तके आणि येणारेजाणारे. चार अपत्यांचे मृत्यू याच वर्षांतले. १९२६ मध्ये राजरत्न गेल्यावर दत्तोबा पवारांस लिहिलेले पत्र ज्यांनी वाचले असेल, त्यांस या खोल्यांतील शोकाची कल्पना येईल. पुढल्याच वर्षी 'बहिष्कृत भारत' सुरू झाले. त्याचा बहुतेक मजकूर संपादक एकट्याने लिहीत असे. भिंतीपलीकडे गिरणीतून परतलेली कुटुंबे, जिन्यावर तक्रारी घेऊन बसलेली माणसे आणि मध्ये लिहिणारा एक जण. येथे एकांत फार थोडा होता. एकाकीपण शोकाच्या काळी आले असेल, परंतु नाव लपवून राहण्याचे एकाकीपण येथे नव्हते.

नंतरच्या पिढीस चाळीबाहेरची खोली हवी झाली, आणि धर्मशाळेचा प्रश्न पुन्हा उभा राहिला. बाबुराव बागूल यांचा 'जेव्हा मी जात चोरली होती' हा कथासंग्रह १९६३ चा. शीर्षककथेतील नायक गुजरातेत रेल्वेच्या नोकरीस गेलेला आहे आणि राहण्यासाठी त्यास जात लपवावी लागते. कामाठी बागेनंतर पंचेचाळीस वर्षांहून अधिक काळ लोटला होता, संविधान लागू होऊन तेरा वर्षे झाली होती. बदली, बढती, सहकारी सोसायटीतील सदनिका यांच्या मागोमाग आमच्या माहितीतील कितीतरी घरांत दारावरच्या पाटीवरून आडनाव गेले, भिंतीवरची तसबीर आतल्या खोलीत गेली. ही घरे सुस्थितीत आहेत. त्यांत राहणारे शिकलेले आहेत. पण जिन्यावरच्या पावलांकडे कान लावून बसण्याची सवय तेथेही आहे, आणि ती मुलांना न सांगता कळते. या माणसांस आनापानसति शिकविण्यापूर्वी, ज्यांच्या समोर नाव लपवावे लागणार नाही अशी चार माणसे त्यांस मिळवून दिली पाहिजेत.

त्या तरुण उपासकास आम्ही हे सर्व नंतर सांगितले. त्याने शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले की, विहार रविवारीच का उघडा असतो. त्याची कामावरची पाळी रात्री दहाला संपते, आणि त्यास बसावयास जागा लागते ती त्या वेळी. आमच्याजवळ याचे उत्तर नव्हते. विहाराची किल्ली कोणाकडे असावी, याविषयी कार्यकारिणीत दोन मते आहेत आणि हा लेख छापावयास जाईपर्यंत निर्णय झालेला नाही.

आधी उल्लेखिलेली १९५६ ची प्रस्तावना बाबासाहेबांनी दिल्लीच्या २६, अलिपूर रोड येथील निवासस्थानी आपल्या अखेरच्या ग्रंथासाठी लिहिली होती. प्रकृती ढासळलेली असताना लिहिलेल्या त्या मजकुरात अर्धशतकापूर्वीच्या सभेस, वडिलांच्या विरोधास आणि दादा केळूसकरांच्या भेटीदाखल दिलेल्या पुस्तकास जागा आहे. १९५७ मध्ये 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' हा ग्रंथ इंग्रजीत प्रथम प्रसिद्ध झाला, तेव्हा ती त्यात नव्हती. ती वाचकांपुढे आली १९८० साली. धर्मशाळेची आणि कामाठी बागेची टिपणे तर त्याहूनही दहा वर्षांनी, १९९० मध्ये, पीपल्स एज्युकेशन सोसायटीने पुस्तिकारूपाने छापली.